कारणासकट कळवा

शहरातल्या निम्म्या खिडक्या आत्याच्या तोंडपाठ होत्या. पडद्यांच्या एका मोठ्या दुकानात ती मापं घ्यायच्या कामाला होती. गिऱ्हाइकाने कापड पसंत केलं की टेप, पेन्सिल आणि घडीचं स्टूल घेऊन ती त्याच्या घरी जायची, स्टुलावर चढायची आणि खिडकी मोजता मोजता घरही मोजून घ्यायची. कुणाकडे सोफा नवा पण गादी फाटकी, कुणाकडे सासूला खोली दिलीय पण त्या खोलीला खिडकीच नाही, सगळं तिला ठाऊक. घराची अब्रू पडद्यावर असते असं तिचं ठाम मत होतं आणि ते ती कुणी न विचारता सांगायची. तसं ती बरंच काही कुणी न विचारता सांगायची. समोरच्याने तोंड उघडायच्या आत उत्तर देऊन मोकळं व्हायचं, ही तिची जुनी सवय. तिच्या बोलण्यात प्रश्नचिन्ह म्हणून कधी येत नसे.

भावाच्या मुलांची ती आत्या, म्हणून शेजाऱ्यांची आत्या, दुकानातल्या पोरींची आत्या. अलीकडे दुकानाचे शेठही, वयाने तिच्याहून चांगले मोठे असून, तिला आत्याच म्हणायचे. लग्न झालेलं नव्हतं. एकदा जमत आलं होतं. मुलाकडची माणसं येऊन चहा पिऊन गेली, हसली, बोलली, अण्णांशी गॅलरीत जाऊन काहीतरी बोलली, निघताना जिन्यात ‘कळवतो’ म्हणाली, आणि ते कळवणं राहूनच गेलं. का, ते कुणी सांगितलं नाही. वर्षानुवर्षं वाट बघून शेवटी आत्याने आपल्यापुरता निकाल लावून टाकला. घरात बांबू आहे, म्हणून.

बांबू म्हणजे अण्णा. आत्याचे वडील. त्यांच्या जातीचं पिढ्यान्‌पिढ्यांचं काम बांबूचं, सुपं, टोपल्या, परड्या विणायचं. जातभाईंपैकी बहुतेकांनी ते कधीच सोडून दिलं होतं, कुणी नोकरीला लागलं, कुणी दुकान टाकलं. अण्णांनी सोडलं नाही. गॅलरीत पोतं अंथरून ते अजून सकाळपासून बसायचे, पायाच्या अंगठ्यात कामटी धरायचे आणि कोयत्याने सरसर सोलायचे. हल्ली सुपं कुणी घेत नसे, पण एक फुलवाला त्यांच्याकडून परड्या नेत असे आणि त्यात फुलं खोचून भरमसाट किमतीला विकत असे. अण्णांना त्याची फार गंमत वाटायची. आत्याला काडीची वाटत नसे. तिने गॅलरीच्या दाराला जाड, गडद निळा, जमिनीपर्यंत लोळणारा पडदा लावला होता. पाहुणा यायचा असला की तो पडदा ओढला जायचा, आणि पडद्याआड अण्णांनी खोकायचंसुद्धा नाही, असा दंडक होता.

या घरात त्या वर्षी दोन गोष्टी एकदमच निघाल्या. भावाचा मुलगा, थोरला, त्याला एक स्थळ सांगून आलं होतं. मुलगी त्यांच्यातलीच, पण तिच्या घरच्यांनी बांबू सोडून दोन पिढ्या झालेल्या, आणि दोन पिढ्या झालेली माणसं बांबूकडे कशी बघतात ते आत्याला चांगलं माहीत होतं. मुलीचे मामा रविवारी घर बघायला येणार होते. दुसरी गोष्ट थोरल्याच्या बहिणीची, बारकीची. बारकीला जनावरांचं डॉक्टर व्हायचं होतं. लहानपणापासून गल्लीतली लंगडी कुत्री उचलून घरी आणायची आणि आत्याच्या शिव्या खायची, त्या पोरीला शेवटी राखीव जागेवर कॉलेजात प्रवेश मिळाला होता. पण जातीच्या दाखल्याची पडताळणी होऊन प्रमाणपत्र आलं तरच जागा पक्की, नाही तर ती दुसऱ्याला जाणार. अण्णा शाळेची पायरी चढले नव्हते, त्यामुळे जुना कागद असा घरात एकही नव्हता. घरी येऊन चौकशी होईल, एवढंच पडताळणी समितीच्या कचेरीतून कळलं होतं. कधी होईल, कोण येईल, ते सांगायची तिथे पद्धत नव्हती.

रविवारी दुपारी आत्याने अण्णांना पडद्याआडसुद्धा ठेवलं नाही. सरळ गच्चीवर पाठवलं.

“उन्हात?” अण्णांनी विचारलं.

“पाण्याच्या टाकीखाली सावली आहे. पोतं घेऊन जा, पाण्याचा तांब्या घेऊन जा. मी बोलवेपर्यंत खाली यायचं नाही.”

“आणि बांबू?”

“तोही न्या बरोबर. नुसते बसून कंटाळाल.”

म्हाताऱ्याने बांबू खांद्यावर टाकला आणि मुकाट्याने जिना चढला. बारकी क्लासला गेली होती, भाऊ, वहिनी आणि थोरला मिठाई आणायला बाजारात. त्यामुळे बेल वाजली तेव्हा दार उघडायला, बसवायला आणि बोलायला आत्या एकटीच होती, आणि बोलायला ती एकटी पुरेशी होती.

दारात कडक इस्त्रीचा शर्ट घातलेले एक गृहस्थ उभे होते. बगलेत चामडी बॅग, चेहऱ्यावर काहीच नाही. हे होते समितीच्या दक्षता पथकाचे चौकशी अधिकारी. पण तसं ते कुणाला सांगत नसत. आपण कोण हे आधी सांगितलं की लोक घोकलेली उत्तरं देतात, असा त्यांचा अनुभव होता. म्हणून मुद्दाम सुट्टीच्या दिवशी, न कळवता घरात शिरायचं, इकडचं तिकडचं बोलायचं, ताकास तूर लागू द्यायची नाही, समोर काही लिहायचं नाही आणि कचेरीत परतल्यावर सगळं शब्दन्‌शब्द कागदावर उतरवायचं, ही त्यांची पद्धत. पद्धतीचा त्यांना अभिमान होता.

“मी जरा तुमच्या घरच्यांची माहिती...” त्यांनी सुरुवात केली.

“या, या! किती वाट बघायला लावलीत!” आत्या म्हणाली. “बसा. पंखा मोठा करते. हे पडदे मीच शिवून घेतलेत. आमचं घर तसं लहान, पण माणसं वळणाची.”

आपली वाट बघितली जात होती हे ऐकून अधिकाऱ्यांच्या भुवया वर गेल्या, पण पद्धतीप्रमाणे ते गप्प राहिले. चहा आला, बिस्किटं आली. त्यांनी हळूच विचारलं, “घरात पूर्वीपासून काय काम चालायचं?”

“फर्निचरचं,” आत्या ताडकन म्हणाली. “माल परदेशीसुद्धा जायचा.”

“म्हणजे बांबूचं वगैरे...”

“छे छे! बांबूशी आमचा काडीचाही संबंध नाही. ते करणारे वेगळे. सूप कुठल्या बाजूने धरतात तेसुद्धा आमच्याकडे कुणाला ठाऊक नाही.”

तेवढ्यात वरून ठक्‌, ठक्‌, सर्र असा आवाज आला. अण्णा कामाला लागले होते.

“कसला आवाज?”

“प्लंबर आहे. टाकी गळतेय.”

“वडीलधारं कुणी नाही घरात?”

“वडील आहेत ना. पण ते असतात आपल्या व्यापात. फार मोठा व्याप आहे त्यांचा.”

गृहस्थांनी चहा संपवला. बिस्किटाला हात लावला नाही. उठले, पडद्यांकडे एकवार बघितलं आणि म्हणाले, “बरं, कळेल तुम्हाला.” हा शब्द तिच्या ओळखीचा होता. पण तिने हसून जिन्यापर्यंत सोडलं, आणि गच्चीवर जाऊन अण्णांना सांगितलं, “या खाली. छान झालं सगळं.”

संध्याकाळी मुलीच्या मामांचा फोन आला. गाडी बंद पडल्यामुळे आज येता आलं नाही, माफ करा, पुन्हा कधीतरी येतो, म्हणाले.

आत्याने फोन ठेवला. मग घरात ज्याला त्याला विचारू लागली, “मग तो कोण होता?” एवढे प्रश्न तिने जन्मात विचारले नव्हते. भावाला वाटलं विम्याचा एजंट असेल. वहिनीला वाटलं चोर, घर बघून गेला. ती कपाटाची किल्ली हातात घेऊन झोपली. बारकी मात्र आपल्या अर्जाचे कागद काढून बसली. तिला कळलं होतं. पोरीचा चेहरा बघता बघता आत्यालाही कळलं.

पुढच्याच आठवड्यात नोटीस आली. चौकशीचा अहवाल प्रतिकूल आहे, दावा का फेटाळू नये ते येऊन सांगा.

“आत्या, तू काय काय सांगितलंस त्यांना?” बारकीने विचारलं.

“सगळंच,” आत्या म्हणाली. “माल परदेशी जायचा, इथपर्यंत.”

बारकी रडली असती तर बरं झालं असतं. ती उठून गॅलरीत गेली आणि अण्णांशेजारी पोत्यावर बसली. आपल्या तोंडाने आपण या पोरीची जागा घालवली, हे आत्याला आत कुठेतरी सुरीसारखं लागलं. त्या रात्री ती जेवली नाही, आणि दुसऱ्या दिवशी दुकानात तिने एका वकिलाच्या खिडकीचं माप चुकवलं.

सुनावणीला बारकी, तिचे वडील आणि आत्या गेले. आत्याला नेऊ नये असं घरात सगळ्यांचं मत होतं, पण बिघडवलेलं तिनेच, तेव्हा तिला घरी बसवायची कुणाची हिंमत नव्हती. खोलीत लांब टेबल. मध्ये अध्यक्षबाई, डाव्या हाताला कायद्याचे जाणकार सदस्य, उजव्या हाताला डोळे मिटून विचार करणारे सदस्य. त्यांच्याच रांगेत, टेबलाच्या त्याच बाजूला, कडक इस्त्रीचा शर्ट. आत्याने त्यांना बघितलं आणि नमस्कार केला. त्यांनी घेतला नाही. खिडकीचे पडदे मात्र वीतभर आखूड होते, तेवढ्याने तिला थोडा धीर आला.

“अहवाल तुमच्या विरोधात आहे,” अध्यक्षबाई म्हणाल्या. “यावर काय म्हणणं आहे?”

भाऊ खाकरला. बारकीने ओठ उघडले. पण आत्या आधीच उभी राहिली होती.

“अहवालात काय लिहिलंय?”

“तो गोपनीय आहे,” अधिकारी म्हणाले.

“मग मी उत्तर कशाचं देऊ?”

“तुम्हाला ठाऊकच आहे तुम्ही काय बोललात ते.”

“मी इतकं बोलते साहेब, की मला काय काय लक्षात राहणार?” आत्या म्हणाली, आणि डोळे मिटून विचार करणारे सदस्य डोळे उघडून हसले. “आमच्या दुकानात पडदा परत आला, तर शेठ गिऱ्हाइकाला विचारतात, काय बिघडलंय? आखूड झालाय, लांब झालाय, की रंग गेला? नुसतं वाईट आहे म्हणालं तर आम्ही परत घेत नाही. आणि इथे तर तुम्ही आमची पोरच परत करताय.”

कॉलेजच्या जागेविषयी बोलायला उभी राहिलेली बाई भलत्याच कुठल्या जिन्यात जाऊन पोचली होती. “एकदा मला न सांगता नाकारलंय लोकांनी,” ती म्हणाली. “का, ते मला आजवर माहीत नाही. माझं काय चुकलं तेवढं तरी सांगायचं होतं. मी उत्तर दिलं असतं, नाही तर गप्प तरी बसले असते. हिच्या बाबतीत ते नको.”

मग कायद्याचे सदस्य अध्यक्षबाईंच्या कानाशी लागले. कुजबुज म्हणून ते जे बोलले ते सगळ्यांना ऐकू गेलं: “बाई, प्रत द्यायलाच हवी. मागच्या वेळी न देता फेटाळलं, तर वरच्या कोर्टाने आपली काय शोभा केली होती!” अध्यक्षबाईंना ती शोभा आठवली असावी. त्यांनी अहवालाची प्रत द्यायला सांगितली, आणि चौकशी करणाऱ्याने निकाल देणाऱ्यांच्या रांगेत बसणं बरं दिसत नाही, असं म्हणून इस्त्रीच्या शर्टाला समोरच्या खुर्चीवर पाठवलं. त्या खुर्चीचा एक पाय आखूड होता.

आत्याने अहवाल वाचला. वाचता वाचता तिचे कान लाल झाले. त्यात एक अक्षर खोटं नव्हतं. जे ती बोलली होती तेच, शब्दन्‌शब्द. ‘बांबूशी काडीचाही संबंध नाही.’ ‘सूप कुठल्या बाजूने धरतात ते ठाऊक नाही.’ शेवटी एक शेरा: ‘अनोळखी व्यक्तीची अवाजवी सरबराई करण्यात आली, ही बाब संशयास्पद.’

“हे सगळं मी बोलले,” ती म्हणाली. “आणि सगळं खोटं बोलले. मला वाटलं मुलीचे मामा आलेत. साहेब, तुम्ही कोण ते तुम्ही सांगितलंत का?”

“ती माझी पद्धत नाही.”

“गच्चीवर ठकठक चालली होती. वर जाऊन बघितलंत?”

“प्लंबर आहे असं आपणच सांगितलंत.”

“मी तर माल परदेशी जायचा असंही सांगितलं होतं! माझ्यावर इतका विश्वास आमच्या घरातसुद्धा कुणी ठेवत नाही हो!”

अधिकारी उत्तर द्यायला पुढे झुकले आणि खुर्ची कलली. अध्यक्षबाईंनी लिहिलं: फेरचौकशी करावी, आधी कळवून करावी, अधिकाऱ्याने आपली ओळख देऊन करावी आणि घरातल्या वडीलधाऱ्यांचं म्हणणं नोंदवावं.

आता सगळं अण्णांवर होतं. ठरल्या दिवशी आत्याने सकाळीच गॅलरीचा निळा पडदा बाजूला सारला, पोतं झटकलं, बांबू पुसला. अधिकारी आले, दारात उभं राहून नाव, हुद्दा, कचेरी सगळं खडखडीत आवाजात सांगितलं आणि गॅलरीत अण्णांसमोर स्टुलावर बसले. स्टूल आत्याचंच, मापाचं.

“बाबा, तुमचा व्यवसाय काय?”

अण्णांनी हातातली कामटी खाली ठेवली.

“प्लंबर,” ते म्हणाले.

बारकीच्या तोंडाचा आ झाला. आत्याच्या पाचावर धारण बसली. “अण्णा! अहो, पोरीचं वर्ष आहे!”

“पोरीचं आहे म्हणूनच बोलणार आहे, पण आधी तुझं ऐकू दे. मी या घरात कोण आहे ते मला कुणी कधी विचारलंय? पाहुणा आला, जा पडद्याआड. मोठा पाहुणा आला, जा टाकीखाली. माझा गुन्हा काय ते तरी एकदा सांग. हे साहेबसुद्धा नोटीस देतात.”

आत्या त्यांच्याजवळ पोत्यावर बसली. इतक्या वर्षांत तिला कुणी असं विचारलं नव्हतं. शेवटी ती खालच्या आवाजात म्हणाली, “तुमच्या बांबूपायी त्यांनी मला नाकारलं, अण्णा. म्हणून मला तो डोळ्यांसमोर नकोसा झाला.”

“त्यांनी?” अण्णा म्हणाले. “त्यांनी कुठे नाकारलं! मी नाकारलं.”

अधिकाऱ्यांचं पेन हवेतच राहिलं.

“इथेच उभं राहून बोलले ते. मुलगी पसंत आहे म्हणाले. फक्त लग्नात सासरेबुवांनी फर्निचरचा धंदा आहे म्हणून सांगावं, आणि हात जरा खिशात ठेवावेत.” अण्णांनी हात पुढे केले. बोटांवर चिरांचं जाळं होतं, जुन्या चिरा, नव्या चिरा. “मी म्हटलं, चालते व्हा. लोक बघतील म्हणून जिन्यात ‘कळवतो’ म्हणून गेले बिचारे.”

“आणि मला सांगितलं नाहीत?”

“काय सांगायचं?”

“मला विचारायचं होतं तरी! लग्न माझं होतं ना?” आत्या ओरडली. आता ती रडत होती, आणि रागाने रडत होती. “मी आयुष्यभर तो जिना मोजत बसले अण्णा, आणि निकाल तुम्ही देऊन मोकळे!”

म्हाताऱ्याची मान खाली गेली. “चुकलं,” तो म्हणाला. “विचारायला हवं होतं. काय म्हणाली असतीस?”

आत्याने पदराने नाक पुसलं, विचार केला आणि खरं ते सांगितलं. “हो म्हणाले असते. तेव्हा मी मूर्खच होते.”

“हे लिहू का?” अधिकाऱ्यांनी विचारलं.

“लिहा,” दोघं एकदमच म्हणाली.

मग अण्णांनी कामटी उचलली आणि पद्धतशीर सांगायला घेतलं. बांबू कधी तोडायचा, कुठे भिजवायचा, बूड कसं धरायचं, काठ कसा वळवायचा, त्यांच्या वडिलांनी कसं शिकवलं आणि आजोबांनी वडिलांना कसं बदडलं. अधिकारी समोर बसून लिहीत होते, आणि आपल्या पद्धतीत आजवर काय राहून गेलं ते त्यांना बहुधा जाणवत होतं, कारण या वेळी त्यांनी बिस्किटंही खाल्ली.

बारकीचं प्रमाणपत्र मुदतीच्या आत आलं. पोरीने ते छातीशी धरून घरभर उड्या मारल्या. सोबत समितीचा आदेश होता, चांगला ऐसपैस, प्रत्येक गोष्टीचं कारण देणारा. त्यात एक परिच्छेद असा होता: ‘अर्जदाराच्या आत्याने पहिल्या भेटीत दिलेली माहिती विश्वासार्ह मानता येत नाही. कारणे पुढीलप्रमाणे.’ आणि खाली खरोखरच कारणं होती, एकाखाली एक. अण्णांनी तो परिच्छेद तिच्याकडून दोनदा मोठ्याने वाचून घेतला. आत्याने न चिडता वाचला. आपल्याला कुणीतरी का नाकारलं ते तिला पहिल्यांदाच नीट समजत होतं.

मुलीचे मामा त्यानंतरच्या रविवारी आले. आत्याने दार उघडलं आणि त्यांना आत घ्यायच्या आधी विचारलं, “तुम्ही कोण?” खात्री पटल्यावर तिने त्यांना सरळ गॅलरीत नेलं. निळा पडदा एव्हाना धुऊन, कापून लंगड्या कुत्र्यांची अंथरुणं झाला होता. अण्णा परडीचा काठ वळवत होते. त्यांनी न बोलता पोत्यावर जागा करून दिली. मामांनी आधी बांबूकडे बघितलं, मग आपल्या पांढऱ्या पँटकडे, आणि बसले एकदाचे. चहा प्यायले, थोरल्याशी बोलले, अण्णांच्या हातांकडे बघत राहिले. त्यांच्या मनात काय चाललंय ते चेहऱ्यावरून कळायला मार्ग नव्हता. निघताना जिन्यात त्यांनी चपला घातल्या आणि म्हणाले, “बरं, कळवतो.”

“कळवा,” आत्या कठड्याला धरून म्हणाली. “पण नाही असेल, तर कारणासकट कळवा. आणि मला आणि अण्णांना, दोघांनाही कळवा.”